दारावरची बी.ए.

गेलेल्या माणसाबद्दल चांगलंच बोलावं, असं म्हणतात. आमचे अप्पा अजून आहेत, तब्येतीनं ठणठणीत आहेत, रोज सकाळी चहाबरोबर तांदळाची भाकरी खातात. तेव्हा मला ती अडचण नाही.

दशरथ पाष्टे, सरकारी ड्रायव्हर. मूळचे संगमेश्वरकडचे, तिथून लालबागच्या चाळीत, आणि चाळीतली खोली विकून भाईंदर पूर्वेला इंद्रलोकमध्ये, तिसऱ्या मजल्यावर. फोर्टातल्या एका मोठ्या कचेरीत त्यांनी जन्मभर साहेबांच्या गाड्या चालवल्या. साहेब बदलत गेले, गाड्या बदलत गेल्या, अप्पांचा पांढरा गणवेश आणि त्याची कडक इस्त्री बदलली नाही. ती इस्त्री आई करायची.

साहेबांसाठी दार उघडण्याची त्यांची एक खास पद्धत होती. गाडी थांबली की चटकन उतरायचं, पुढून वळसा घालून मागच्या डाव्या दाराशी यायचं, डाव्या हातानं दार उघडायचं आणि उजवा पंजा दाराच्या वरच्या कडेला लावून धरायचा, म्हणजे उतरताना साहेबांचं डोकं आपटू नये. कपाटाचं दार उघडून हे त्यांनी आम्हाला कितीतरी वेळा करून दाखवलं होतं. आईसाठी मात्र त्यांनी स्वतःच्या घराचं दारही कधी उघडलं नाही. बेल वाजली की खुर्चीतूनच हुकूम यायचा, "अगो, बघ कोण आलाय."

त्यांच्या लेखी जगात दोनच प्रकारची माणसं होती, मागे बसणारी आणि पुढे बसणारी. आपण जन्मभर पुढे बसलो, आपला मुलगा मागे बसेल, एवढं एकच मागणं त्यांनी देवाकडे ठेवलं होतं. मुलगा म्हणजे कौस्तुभ, माझा मोठा भाऊ. मी सुरुची, धाकटी. मी कुठे बसेन याचा त्यांनी विचार केलेला नव्हता. बहुतेक नवऱ्याच्या स्कूटरवर.

मागच्या सीटवरची बोलणी ऐकून ऐकून अप्पांना अधिकारी कसं व्हायचं याचं सगळं शास्त्र पाठ झालं होतं. भाईंदरच्या प्रत्येक सोसायटीत एकाला पाण्याची वेळ माहीत असते, एकाला चांगला डॉक्टर माहीत असतो. आमच्याकडे अप्पांना स्पर्धापरीक्षेची पात्रता माहीत होती. संध्याकाळी टँकरची वाट बघत लोक हंडे-बादल्या घेऊन खाली उभे राहिले की अप्पांचा वर्ग भरायचा.

"शाखा कुठलीपण चालते. आर्ट्स म्हणा, कॉमर्स म्हणा. टक्के कोण विचारत नाय. पण पदवी पायजे, आणि ती मान्यताप्राप्त विद्यापीठाची. पदवी नसली तर तू कितीही हुशार अस, तुला आत घेत नाय. शेवटच्या वर्षाला असशील तर पूर्वपरीक्षेला बसू देतात. पण मुख्यच्या फॉर्मला पास झाल्याचा कागद लावायचा. नाय लावला तर घरी."

समोरच्या हंसाबेन एकदा त्यांच्या तावडीत सापडल्या. "पाष्टेभाई, मेरा रोहित डिप्लोमा करता है, वो चालेगा ने?"

"नहीं चलेगा, हंसाबेन. डिप्लोमा मतलब डिग्री नहीं. डिग्री मंगता है."

हंसाबेननं डिप्लोमा झालेल्या रोहितला पुन्हा तीन वर्षं डिग्रीला घातलं. त्या बिचाऱ्याला सरकारी नोकरीत काडीचा रस नव्हता, त्याला मोबाइलचं दुकान टाकायचं होतं. ते त्यानं पुढे टाकलंच, पण डिग्री घेऊन.

कौस्तुभ हुशार होता, हे मला मान्य करावं लागतं. पेपर वाचायचा, नकाशे पाठ, कुठली नदी कुठून निघते ते झोपेत विचारा. सन दोन हजारला तो टी.वाय.बी.ए.ला होता. निकालाच्या दिवशी अप्पांनी रजा टाकली आणि सकाळीच स्टेशनजवळून पेढे आणून ठेवले. निकाल लागायच्या आधी पेढे आणू नयेत, असं आई एकदा म्हणाली. अप्पा म्हणाले, "त्याचा निकाल काय लागायचा? तो लागलेलाच आहे."

दादा दुपारी रिक्षातून उतरला तेव्हा अप्पा गेटवर पेढ्यांचा बॉक्स उघडून उभे होते. दादानं बोलायला तोंड उघडलं आणि अप्पांनी त्यात पेढा कोंबला. टाळ्या वाजल्या. बी विंगमधले बबनकाका, दादाच्याच कॉलेजच्या ऑफिसात क्लार्क होते, त्यांनी दोन पेढे खाल्ले. हंसाबेननं सगळ्यांसाठी चहा केला. दादा पेढा चघळत बराच वेळ उभा होता. आनंदानं त्याला बोलायला सुचत नाही, असं आम्ही सगळ्यांनी ठरवून टाकलं.

महिन्याभरात दारावर पितळी पाटी आली. वरच्या ओळीत 'दशरथ पाष्टे', खाली मोठ्या अक्षरात 'कौस्तुभ दशरथ पाष्टे, बी.ए.' मुलाची अक्षरं बापापेक्षा मोठी. अप्पांनी स्वतः स्क्रू पिळले आणि त्या दिवसापासून दर रविवारी ब्रासो लावून ती घासायला लागले.

मग घरात अभ्यास सुरू झाला. अभ्यास एकट्याचा, शिक्षा सगळ्यांना. आतली खोली दादाची झाली. बेलची वायर काढून टाकली, आल्यागेल्यानं बोटानं टकटक करायची. टीव्हीवर कापड पडलं. कुकरच्या शिट्टीनं दादाचं लक्ष उडतं, असं अप्पांनी जाहीर केलं आणि आईनं कुकर माळ्यावर टाकला. तेव्हापासून ती भात-डाळ टोपात शिजवायची, झाकण ठेवून, मधूनमधून ढवळत, सकाळचा अर्धा वेळ त्या टोपापाशी उभी. गॅस जास्त लागतो म्हणून अप्पांची बोलणीही तीच खायची.

मी माझी बी.ए. ओट्याशी उभी राहून केली. सकाळचं कॉलेज, दुपारी स्टेशनजवळच्या एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये रिसेप्शनला. लोकांच्या लघवीच्या बाटल्यांवर नावं चिकटवत मी राज्यघटना वाचली आहे. दोन हजार तीनला मला फर्स्ट क्लास मिळाला. अप्पा म्हणाले, "बरा झाला. बायोडेटावर टाकता येईल." पेढे नव्हते. पाटीवर नाव घालायचं का, असं मी गमतीनं विचारलं, तर त्यांनी पाटीकडे खरंच नीट बघितलं आणि म्हणाले, "जागा नाय."

तोवर दादा दरवर्षी पूर्वपरीक्षेला बसत होता आणि दरवर्षी नापास होत होता. नापास झाला की अप्पा खाली टँकरपाशी सांगायचे, थोडक्यात गेली, दोन-चार मार्कांनी. लोक चुकचुकायचे. "करतोय ना, करू दे." हा 'करतोय' शब्द आमच्या घराला फार उपयोगी पडला. बेव्हर्ली पार्कमधल्या एका बऱ्यापैकी घरातून दादाला स्थळसुद्धा आलं होतं, मुलगा 'एमपीएससी करतोय' एवढ्यावर.

दोन हजार पाचला मी स्वतःसाठी फॉर्म आणला. अप्पांनी तो हातात घेऊन उलटसुलट पाहिला.

"हे काय?"

"मी पण बसते या वर्षी. माझी पदवी आहे, वय आहे. तुम्हीच सांगता सगळ्यांना, कुठलीही शाखा चालते."

"कौस्तुभचा होऊ दे. मग तू."

"त्याचं होईस्तोवर मी काय करू?"

"सुरुची, गाडीत मागे साहेब एकच बसतो. दोघं बसले की ती शेअर रिक्षा."

फॉर्म भरायला बापाची परवानगी लागत नाही, हे मला माहीत होतं. पण त्या घरात राहायला लागत होती, आणि माझ्या लग्नाची बोलणी सुरू झाली होती. वसईची पार्टी, मुलगा कंपनीत, सासूची अट अशी की सुनेनं लग्नानंतर नोकरीचं नाव काढायचं नाही. मला दिसत होतं, दादा लवकर सुटला नाही तर माझी पाळी येण्याआधी माझं लग्न येणार. मला त्या परीक्षेला बसायचं होतं. आयुष्यात दुसरं काही इतकं हवंसं वाटलं नव्हतं, आणि तेवढ्या एकाच गोष्टीपुढे एक माणूस आडवा पडून राहिला होता, दरवर्षी, अंथरूण घालून.

दोन हजार सहाच्या पूर्वपरीक्षेच्या आधी मी आतल्या खोलीचं दार लोटून त्याला सांगितलं, "दादा, एकदाचा पास तरी हो, नाहीतर बाजूला तरी हो. मला वाट दे." त्यानं पुस्तकातून मान वर केली आणि पुन्हा खाली घातली. मला वाटलं, नेहमीसारखी मिठाची गुळणी धरून बसलाय.

त्या वर्षी तो पूर्वपरीक्षा पास झाला.

अप्पा अक्षरशः नाचायचे बाकी होते. नुसती पूर्वपरीक्षा, अजून मुख्य बाकी, मुलाखत बाकी, पण अप्पांना धीर निघेना. सोसायटीच्या सत्यनारायणाला त्यांनी सत्कार ठेवला आणि आपल्या एका निवृत्त साहेबांना बोलावलं. साहेबांची गाडी गेटातून आत आली तेव्हा अप्पा धावत गेले, साहेबांच्या ड्रायव्हरला उतरूही दिलं नाही, स्वतः दार उघडलं आणि उजवा पंजा कडेला धरला. अख्खी सोसायटी बघत होती. मला लाज वाटली, पण अप्पांच्या चेहऱ्यावर इतकं समाधान मी कधी पाहिलं नव्हतं.

शाल, नारळ झाल्यावर साहेबांनी दादाला विचारलं, "मुख्यचा फॉर्म भरला का?"

"भरतोय, सर."

"पदवीची प्रत वगैरे नीट जोड. चांगली चांगली मुलं त्यात अडकतात."

"हो, सर," दादा म्हणाला. खांद्यावरची शाल त्यानं दोन्ही हातांनी घट्ट धरून ठेवली होती. बबनकाका पहिल्या रांगेत बसून केळीच्या पानावरचा प्रसाद खात होते.

दिवस जात होते आणि फॉर्म काही पोस्टात पडत नव्हता. मी विचारलं की उद्या. अखेर शेवटच्या तारखेच्या आधीच्या रविवारी सकाळी मी त्याला भाजी आणायच्या निमित्तानं घराबाहेर काढलं आणि मिठागरांच्या बाजूच्या रस्त्याला घेऊन गेले. तिथे ओळखीचं कोणी भेटत नाही.

"फॉर्म कुठेय?"

"या वर्षी नको वाटतंय, सुरू. तयारी कच्ची आहे."

"इतकी वर्षं घर मुकं करून बसलायस आणि तयारी कच्ची? पूर्व पास होऊन मुख्य कोण सोडतं?"

तो चालत राहिला. मग एकदम म्हणाला, "फॉर्मला डिग्री लावावी लागते."

"मग लाव की."

"नाहीये."

मला कळलंच नाही. हरवली का, असं मी विचारलं.

"मिळालीच नाही. टी.वाय.ला इकॉनॉमिक्सचा एक पेपर गेला. गेटवर सांगणार होतो. अप्पांनी तोंडात पेढा घातला."

मी रस्त्याच्या कडेच्या दगडावर बसले. एक पेपर. माणसं दर ऑक्टोबरला एकेक पेपर देऊन मोकळी होतात, आमच्या लॅबमधल्या आशानं दोन दिले होते. तेच मी त्याला विचारलं, ऑक्टोबरला का नाही दिलास?

"राहिलेल्या पेपरचा, केटीचा फॉर्म बबनकाकांच्या खिडकीवर भरायचा असतो," तो म्हणाला. "त्यांनी पेढे खाल्ले होते."

"ते रिटायर झाले त्याला जमाना झाला!"

"तोवर कोर्स बदलला. सगळेच पेपर पुन्हा द्यायचे झाले असते. कॉलेजात जावं लागलं असतं. अप्पांना काय सांगणार होतो?"

"आणि दरवर्षी पूर्वपरीक्षेला कशाला जायचास मग?"

"तिथे कागद मागत नाहीत. जायचो, अर्धा पेपर सोडवायचो, बाकीचा कोरा ठेवायचो. पास झालो असतो तर मुख्यचा फॉर्म आला असता."

म्हणजे आईनं टोपात भात ढवळला, मी बाटल्यांवर नावं चिकटवली, ती ह्याला नापास व्हायला शांतता मिळावी म्हणून. माझ्या हातात रिकामी पिशवी होती ती मी त्याच्या अंगावर फेकली.

"मग यंदा का पास झालास?"

"तू म्हणालीस, पास तरी हो नाहीतर बाजूला हो. म्हटलं, एकदा बघू तरी, येतंय का." तो ओशाळं हसला. "आलं, सुरू. सगळं आलं."

मला त्याची कीव आली, आणि कीव आली म्हणून जास्त राग आला. तो माझ्या मागेमागे विनवत येत होता, अप्पांना सांगू नकोस, मी मुख्यला नापास झालो म्हणून सांगतो, पुढच्या वर्षी बघू. पुढच्या वर्षी पुन्हा अर्धा पेपर, असं विचारून मी घराकडे वळले. मी ठरवलं होतं की सांगायचं. अप्पांना धक्का बसेल, ते कोसळतील, बसू दे, कोसळू दे. मग तरी माझी वाट मोकळी होईल.

आम्ही जिना चढून आलो तेव्हा अप्पा दारात उभे राहून पाटी घासत होते. रविवार होता.

"अप्पा," मी म्हणाले, "दादा बी.ए. नाही."

त्यांनी पाटीवर तोंडाची वाफ सोडली आणि फडक्यानं पुसली. "हळू बोल. हंसाबेनचा दार उघडा आहे."

मी त्यांच्या तोंडाकडे बघत राहिले. तिथे धक्का नव्हता. मला वाटलं, त्यांना ऐकू आलं नाही.

"त्याचा एक पेपर गेलाय. त्याला डिग्री नाही."

"माहीत आहे मला. बबननी तेव्हाच सांगितला, पेढे वाटल्यावर दोन दिवसांनी. मी त्याला म्हटला, तुझ्या तोंडातून भायेर जाऊ देऊ नको."

माझ्या मागे दादानं भिंतीला हात टेकला. ज्या बबनकाकांच्या भीतीनं तो त्या खिडकीकडे फिरकला नव्हता, त्या बबनकाकांना सगळं आधीच ठाऊक होतं. अप्पांनाही ठाऊक होतं. बापानं मुलापासून लपवलं, मुलानं बापापासून लपवलं, दोघांनी मिळून आम्हा दोघींना राबवलं.

"मग ही पाटी?" मी विचारलं. पाटी नंतर आली होती. पेढ्यांच्या नंतर महिन्याभरानं.

"पाटी सांगून झाली होती," अप्पा म्हणाले. "आणि तो देईल पेपर, असा वाटला होता."

"त्याला विचारलंत?"

"अशा गोष्टी विचारतात काय?"

जगाला पात्रता शिकवणारा माणूस. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण. हंसाबेनच्या पोराला तीन वर्षं फुकट घासायला लावली आणि घरच्या पोराला एक शब्द विचारला नाही. मी त्यांना हे सगळं ऐकवलं, आवाज चढवून ऐकवलं, हंसाबेनच्या दारासकट. मग मला जे खरं विचारायचं होतं ते विचारलं. "त्याचं होणारच नाही हे तुम्हाला माहीत होतं, तर मला का थांबवलंत? त्याचं होऊ दे, मग तू. काय होणार होतं त्याचं?"

अप्पांनी फडकं घडी करून खिशात ठेवलं. ते चिडले नव्हते. मला समजावून सांगायच्या सुरात म्हणाले, "तू झाली असतीस तर लोकांनी विचारला असता, हा का नाय झाला? आता कसा, तो करतोय. झाकली मूठ सवा लाखाची. तू काय, लग्न होऊन जाशील आपल्या घरी. तुला काय फरक पडतो?"

माझ्या बापानं माझ्याशी आयुष्यात इतकं सरळ बोलणं दुसरं केलेलं नाही. मी हुशार नाही असं त्यांना वाटलं असतं तर मला चाललं असतं. मी होईन, याची त्यांना खात्री होती. त्याच खात्रीपायी त्यांनी मला अडवलं होतं.

आतून खडखडाट झाला. आई स्टुलावर चढून माळ्यावरचं सामान ओढत होती. तिनं कुकर खाली काढला, त्याच्यावरची धूळ नळाखाली धुतली, रबर ताणून पाहिलं, ते कडक झालं होतं तरी बसवलं. टोपातला अर्धवट शिजलेला भात तिनं कुकरच्या डब्यात ओतला. पहिली शिट्टी झाली तेव्हा अप्पा सवयीनं ओरडले, "अगो!" आईनं वळून बघितलं नाही. दुसरी झाली. तिसरी झाली. मग तिनं गॅस बंद केला आणि म्हणाली, "उद्यापासून इस्त्री धोब्याकडे द्या."

वसईच्या पार्टीला मी स्वतः फोन करून नाही म्हटलं. त्यावरून अप्पांनी माझ्याशी बोलणं टाकलं. मला ते सोयीचं गेलं. पुढच्या वर्षीचा फॉर्म मी हॉलमध्ये, त्यांच्यासमोर बसून भरला. शैक्षणिक पात्रतेच्या रकान्यात बी.ए. लिहिताना पेन जरा दाबूनच धरलं. अभ्यासाला मला खोली मिळाली नाही, मी मागितलीही नाही. शिट्ट्या वाजत होत्या, टीव्हीवरचं कापड निघालं होतं, आई मालिका बघायची, मी तिच्या शेजारी बसून वाचायची. मला त्या शिट्ट्या आवडायच्या. पहिल्या खेपेला मुलाखतीपर्यंत जाऊन पडले, दुसऱ्या खेपेला लागले. तहसीलदार.

दादानं मुक्त विद्यापीठात नाव घातलं, एका कुरिअर कंपनीत नोकरी करत पुन्हा पहिल्यापासून तीन वर्षं घातली आणि बी.ए. झाला. पाटीत काही बदलावं लागलं नाही.

टँकरपाशी अप्पा काय सांगत होते ते मला हंसाबेनकडून कळायचं. "घरात एक साहेब झाला", एवढंच. कोण झालं, ते लोकांनी आपापलं समजून घ्यायचं. बराच काळ बी विंगमधले लोक दादाचंच अभिनंदन करायचे आणि तो मान खाली घालून पुढे जायचा.

नेमणूक झाल्यावर मी ठाण्याला एका बैठकीला आले होते, तेव्हा परतीच्या वाटेवर आईला भेटायला म्हणून गाडी इंद्रलोककडे घ्यायला सांगितली. आईला फोन केला होता. ती कोणाला बोलली असेल-नसेल, पण गाडी गेटातून आत वळली तेव्हा गॅलऱ्या भरलेल्या होत्या. हंसाबेन हात हलवत होत्या. आणि खाली, बरोबर जिथे गाडी थांबणार तिथे, अप्पा उभे होते. निवृत्त होऊन वर्ष झालं होतं तरी पांढरा शर्ट, पांढरी पँट. इस्त्री धड नव्हती.

गाडी थांबली. माझा ड्रायव्हर उतरायच्या आत अप्पा चटकन पुढून वळसा घालून मागच्या डाव्या दाराशी आले. डाव्या हातानं दार उघडलं. उजवा पंजा वरच्या कडेला लावून धरला. त्यांच्या तोंडावर तेच समाधान होतं, सत्काराच्या दिवशीचं. सगळी सोसायटी बघत होती, आणि आता कोणाला काही समजून घ्यायचं उरलं नव्हतं. "या, मॅडम," ते मोठ्यानं म्हणाले.

माझ्या डोक्याच्या वर त्यांचा पंजा होता. मी त्या पंजाकडे पाहिलं, मांडीवरची पर्स उचलली, सीटवरून सरकत उजवीकडे गेले, तिकडचं दार स्वतः उघडलं आणि उतरले.

मी जिन्याकडे चालत गेले. वर आईनं दार उघडून ठेवलं होतं, कुकरचा वास खालपर्यंत येत होता. पहिल्या मजल्यावर पोचेपर्यंत मी कान देऊन होते, पण खाली गाडीचं दार लागल्याचा आवाज काही आला नाही.